सही करण्याआधी : सीए होऊन प्रॅक्टिस करायची तर काय काय लागतं

बारावीचा निकाल लागला की माझ्या सांगलीच्या ऑफिसात चौकशीला येणाऱ्यांची रीघ लागते. बहुतेक वेळा वडील बोलतात आणि मुलगा किंवा मुलगी समोरच्या फायलींकडे बघत बसते. पहिला प्रश्न ठरलेला, "मॅडम, किती वर्षांचा कोर्स?" दुसरा, "क्लास कुठला लावू?" आर्टिकलशिप, म्हणजे सीएच्या हाताखालचं सक्तीचं प्रशिक्षण, कुणाकडे करायची, हे इतक्या वर्षांत मला दोघा-तिघांनीच विचारलं असेल. माझ्या मते सगळ्यात मोठा प्रश्न तो आहे. म्हणून पुढे सगळ्या अटी सांगते, पण जास्त वेळ मी तिथेच थांबणार आहे.

आधी एक गोष्ट स्पष्ट करून घेऊ. परीक्षा पास होणं, सीए म्हणवून घेणं आणि ताळेबंदावर सही करणं या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. चार्टर्ड अकाउंटंट्स कायदा १९४९ चा. त्या कायद्याने स्थापन झालेली संस्था, म्हणजे आयसीएआय, १ जुलै १९४९ पासून काम करते आहे. म्हणून १ जुलैला आम्ही सीए दिन साजरा करतो. फायनल पास झाल्यावर आधी या संस्थेचं सभासदत्व घ्यावं लागतं. स्वतःचं काम करायचं असेल तर कलम ६ प्रमाणे सर्टिफिकेट ऑफ प्रॅक्टिस लागतं. आम्ही त्याला नुसतं सीओपी म्हणतो. परवाना तो. नोकरी करणाऱ्या सीएला त्याची गरज नसते. पण कंपनीचं ऑडिट, टॅक्स ऑडिट, बँकेला लागणारं सर्टिफिकेट यांवरची सही सीओपी असलेल्याच माणसाची चालते.

आता वडिलांच्या प्रश्नाचं उत्तर. १ जुलै २०२३ पासून नवी योजना लागू झाली. तिच्यात फाउंडेशन, इंटर आणि फायनल अशा तीन परीक्षा आहेत आणि कागदावर ४२ महिने होतात: फाउंडेशनच्या अभ्यासाचे ४, इंटरचे ८, आर्टिकलशिपचे २४ आणि त्यानंतर फायनलच्या आधीचे ६. एकही परीक्षा हुकली नाही तर हा हिशेब. मे २०२४ च्या फायनलला दोन्ही ग्रुप, म्हणजे तीन-तीन पेपरांचे संच, एकत्र दिलेल्यांपैकी १९.८८ टक्के मुलं दोन्हींत पास झाली होती. त्यामुळे मी पालकांना सांगते, पाच वर्षं धरून चाला आणि घरात महिने मोजत बसू नका. मुलांना ते मोजणं ऐकू येत असतं.

फाउंडेशन

याची नोंदणी दहावीनंतरही करून ठेवता येते, परीक्षा मात्र बारावीनंतर. नोंदणी आणि परीक्षा यांत चार महिन्यांचा अभ्यासाचा काळ जावा लागतो. बारावीच्या निकालाची वाट बघून मग नोंदणी करणाऱ्यांची जवळची परीक्षा इथेच हुकते, आणि ते टाळणं पूर्ण आपल्या हातात असतं.

शंभर-शंभर मार्कांचे चार पेपर : अकाउंटिंग, बिझनेस लॉ, गणित-लॉजिक-सांख्यिकीचा एक आणि अर्थशास्त्र. पहिले दोन लिहायचे, शेवटचे दोन पर्यायी प्रश्नांचे. या पर्यायी प्रश्नांत चुकलेल्या उत्तराला पाव मार्क कापला जातो. प्रत्येक पेपरात ४० आणि एकूण ५० टक्के, हा नियम इथून फायनलपर्यंत पाठ सोडत नाही. तो नीट समजून घ्या. तीन पेपरांच्या ग्रुपमध्ये ४०, ४०, ४० पडले तर प्रत्येक पेपर निघाला, पण बेरीज १२० झाली. लागतात १५०. म्हणजे नापास.

सायन्सची मुलं विचारतात, आम्हाला चालेल का? चालेल. पहिले दोन महिने जमा-नावे अंगवळणी पडायला त्रास होतो. वही घेऊन रोज वीस नोंदी हाताने करा. टॅली या हिशेबाच्या सॉफ्टवेअरला हात लावू नका. टॅली तुमची चूक झाकून बेरीज जुळवून दाखवतं.

इंटर, आणि थेट प्रवेश

बीकॉम किंवा एमकॉम ५५ टक्क्यांनी, अथवा दुसऱ्या शाखेची पदवी ६० टक्क्यांनी झाली असेल तर फाउंडेशन न देता थेट इंटरला नोंदणी होते. कंपनी सेक्रेटरी किंवा कॉस्ट अकाउंटंटची इंटर पास असलेल्यांनाही ही वाट आहे. आठ महिन्यांचा अभ्यासाचा काळ मात्र त्यांनाही पूर्ण करावा लागतो.

इंटरला दोन ग्रुप, प्रत्येकात तीन पेपर. पहिल्यात अॅडव्हान्स्ड अकाउंटिंग, कंपनी व इतर कायदे, आणि टॅक्सेशन. यात निम्मा आयकर आणि निम्मा जीएसटी. दुसऱ्यात कॉस्टिंग, ऑडिटिंग व एथिक्स, आणि एफएम-एसएम, म्हणजे फायनान्शिअल आणि स्ट्रॅटेजिक मॅनेजमेंट. ३० टक्के मार्क पर्यायी प्रश्नांना, बाकी लिहायचं. दोन्ही ग्रुप एकदम द्यावेत की एकेक? अभ्यास खरंच झाला असेल तर एकदम. कारण तेव्हा सहाही पेपरांची बेरीज एकत्र धरली जाते. एका ग्रुपमधले जास्तीचे मार्क दुसऱ्याला हात देतात. ग्रुप राहिलाच, पण एखाद्या पेपरात ६० किंवा जास्त असतील, तर पुढच्या तीन परीक्षांपर्यंत त्या पेपरातून सूट मिळते.

टॅक्सेशनबद्दल एक सावधगिरीची सूचना. आयकर कायदा २०२५ हा १ एप्रिल २०२६ पासून लागू झाला आणि १९६१ चा कायदा गेला. मोठ्या भावाची, ताईची पुस्तकं घरात आहेत म्हणून त्यावर अभ्यास करू नका. कोणत्या परीक्षेला कोणता कायदा आणि कोणत्या तारखेपर्यंतच्या दुरुस्त्या, हे संस्था दर वेळी जाहीर करते. ते पान छापून टेबलासमोर चिकटवा.

आणि क्लास? संस्थेचं स्टडी मटेरिअल, परीक्षेआधी येणारे आरटीपी, म्हणजे उजळणीचे प्रश्नसंच, सराव पेपर आणि जुन्या पेपरांची सुचवलेली उत्तरं तिच्या संकेतस्थळावर मोफत आहेत. हे सगळं संपवणारा मुलगा मला क्वचित दिसतो, आणि संपवलेला सहसा पास झालेला असतो. क्लास लावा, त्याला माझी हरकत नाही, पण क्लासच्या नोट्सवर परीक्षा होत नाही.

इथे मराठी माध्यमाच्या मुलांशी थोडं बोलायचं आहे, कारण मी त्यांच्यातलीच. परीक्षा इंग्रजीत किंवा हिंदीत देता येते, मराठीत नाही. मी दहावीपर्यंत मराठीत शिकले. कायद्याचं पहिलं पान उघडलं तेव्हा एक वाक्य सात ओळींचं होतं आणि मी शब्दकोश घेऊन रडत बसले होते. मला जी रीत उपयोगी पडली ती अशी. कलम मोठ्याने वाचायचं. पुस्तक मिटायचं. मग मराठीत स्वतःला सांगायचं : कुणी करायचं, काय करायचं, किती दिवसांत, नाही केलं तर काय. हे चार प्रश्न सुटले की कलम समजलं. त्यानंतर तेच चार छोट्या इंग्रजी वाक्यांत लिहायचं. 'शॅल' आणि 'मे' या दोन शब्दांवर लाल पेनने गोल करायचा; एकात बंधन असतं, दुसऱ्यात मुभा, आणि अर्ध्या प्रश्नांचं उत्तर तिथेच असतं. परीक्षेत उत्तर तीन भागांत लिहायचं. आधी कायद्यातली तरतूद, मग प्रश्नातली परिस्थिती तिला कशी लागू होते, शेवटी निष्कर्ष. भाषा साधी असली तरी मार्क मिळतात. तीन महिने रोज दोन कलमं अशी केली तर इंग्रजीची भीती जाते. माझी गेली.

आर्टिकलशिप

इंटरचे दोन्ही ग्रुप आणि आयसीआयटीएसएस नावाचं प्रशिक्षण, म्हणजे संगणक आणि संवादकौशल्य मिळून साधारण चार आठवडे, हे झालं की आर्टिकलशिप सुरू होते. आता दोन वर्षं. आमच्या वेळी तीन होती आणि एक ग्रुप निघाला तरी सुरू करता यायची. त्यामुळे आम्ही दिवसा ऑडिट आणि रात्री उरलेल्या ग्रुपचा अभ्यास करत असू. आता आर्टिकलशिप संपल्यावर सहा महिने गेल्याशिवाय फायनलला बसता येत नाही, म्हणजे या दोन वर्षांत परीक्षा डोक्यावर नसते. रजा वर्षाला १२ दिवस. मुलांना रजा कमी वाटते. मला उलट वाटतं, दोन वर्षं फक्त काम शिकायला मिळतायत. आम्हाला ती मिळाली नव्हती.

मी ऑगस्ट २०११ मध्ये एका सीएंकडे, म्हणजे माझ्या सरांकडे, आर्टिकल म्हणून रुजू झाले. नोव्हेंबरला दुसरा ग्रुप दिला. बेरीज पुरेशी होती, पण ऑडिटिंगमध्ये ३८ पडले आणि ग्रुप गेला. निकाल लागला त्या दिवशी सरांनी मार्क विचारले, "बरं" म्हणाले आणि एका पतसंस्थेची व्हाउचरं तपासायला पाठवलं.

३१ मार्चला मला तासगाव भागातल्या एका कोल्ड स्टोरेजमध्ये बेदाण्याचा शिल्लक माल मोजायला पाठवलं. बाहेर कडक ऊन, आत दात वाजतील एवढी थंडी, आणि माझ्या अंगावर सुती ड्रेस. छतापर्यंत बॉक्सची थप्पी. मी पहिल्या दोन रांगा मोजल्या, त्या रजिस्टरशी तंतोतंत जुळल्या. तिसऱ्या रांगेला बोटं बधिर झाली. दिवाणजी म्हणाले, "ताई, पुढचं सगळं असंच आहे, कशाला गारठताय? रजिस्टरवरून घ्या." मी घेतलं. कागदावर लिहिलं, सर्व माल प्रत्यक्ष मोजला.

संध्याकाळी सरांनी तो कागद वाचला आणि एकच विचारलं, "किती रांगा मोजल्यास?" मी दोन म्हणाले. "मग दोन लिही." आवाज अजिबात चढला नाही. दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीने मी परत गेले. या वेळी आईचा स्वेटर होता. सगळ्या रांगा मोजल्या. शेवटच्या दोन रांगांत मिळून २१२ बॉक्स कमी निघाले. चोरी वगैरे काही नव्हती. मार्चच्या शेवटच्या आठवड्यात माल गेला होता, गेटपास फाडलेला होता, पण रजिस्टरला उतार घातला नव्हता. तो माल शिल्लक धरला असता तर त्या व्यापाऱ्याचा नफा तेवढ्याने फुगला असता, आणि त्या ताळेबंदावर सही सरांची असती.

शिल्लक मालाबद्दल ऑडिटरने काय करायचं, हे ऑडिटिंग स्टँडर्ड ५०१ मध्ये आहे, आणि आपण काय पाहिलं ते कागदावर कसं ठेवायचं, हे २३० मध्ये. दोन्ही माझे पाठ होते, पाठ असूनच ३८ पडले होते. मे महिन्यात पुन्हा पेपर दिला तेव्हा शिल्लक मालाच्या प्रश्नाला मी त्या थप्प्या डोळ्यांसमोर ठेवून उत्तर लिहिलं. ६१ पडले.

म्हणून आर्टिकलशिपची जागा निवडताना मी सांगते, तुम्ही लिहिलेला कागद वाचणारं तिथे कुणी आहे का, हे शोधा. मुलाखतीला जाल तेव्हा तेच विचारा : "सर, आमची वर्किंग पेपर्स, म्हणजे ऑडिट करताना लिहिलेले कागद, कोण तपासतं?" प्रश्न उद्धट वाटत नाही, मी तो ऐकायला आतुर असते. सध्या तिथे असलेल्या आर्टिकल्सना बाहेर चहाच्या टपरीवर गाठून विचारा की गेल्या महिन्यात त्यांनी काय काय केलं. एकाचंही उत्तर "रिटर्न भरली" याच्या पुढे जात नसेल तर दुसरीकडे बघा.

मोठी फर्म की छोटी? पुण्या-मुंबईच्या मोठ्या फर्ममध्ये मोठ्या कंपन्यांचं काम बघायला मिळतं, इंड-एएस, म्हणजे मोठ्या कंपन्यांना लागू असलेली हिशेबाची मानकं, हाताखालून जातं, पुढे नोकरीत त्या नावाचा उपयोग होतो. पण दोन वर्षं एकाच कंपनीची स्थिर मालमत्ता तपासण्यात गेलेली मुलंही मी पाहिली आहेत. आमच्यासारख्या ठिकाणी एकाच अशिलाची किर्द-खतावणी, ताळेबंद, जीएसटी, आयकराची नोटीस आणि बँकेचं कर्जप्रकरण एकाच मुलीच्या हातून जातं. स्वतःची प्रॅक्टिस करायची असेल तर मी दुसरी वाट सुचवीन. नोकरीकडे कल असेल तर पहिली. विद्यावेतनाची किमान रक्कम संस्थेने शहराच्या लोकसंख्येप्रमाणे ठरवून दिली आहे. जास्त मिळालं तर उत्तमच, पण हजार-दोन हजारांसाठी जागा निवडू नका.

कागदपत्रांचं बोलू. रुजू झाल्यावर फॉर्म १०२ हा करार आणि फॉर्म १०३ ही नोंदणी. १०३ हा ३० दिवसांच्या आत संस्थेच्या पोर्टलवर गेला पाहिजे. "ऑफिसने भरला असेल" यावर विसंबू नका. माझ्या ओळखीतल्या एका मुलाचा फॉर्म ऑफिसकडून महिनोन् महिने राहिला. विलंब माफ करून घेण्याचे अर्ज, खेटे, आणि त्यात त्याची फायनलची परीक्षा पुढे गेली. स्वतः लॉगिन करून मंजुरी आली का ते बघा आणि त्याची प्रत काढून ठेवा. सोबत बीकॉम करत असाल तर फॉर्म ११२ ने परवानगी घ्यावी लागते. आठवड्याचे ३५ तास काम धरलेलं आहे आणि कॉलेजच्या वेळा त्याच्याआड येऊन चालत नाहीत, म्हणून आमच्याकडची बरीच मुलं पदवी दूरस्थ पद्धतीने करतात. आर्टिकलशिप मध्येच सोडून दुसरीकडे जाणं सोपं नाही, ठरावीक कारणांसाठीच ते होतं. सगळा विचार आधी करायचा तो यासाठी.

आता एक अप्रिय विषय. नुसती कागदोपत्री आर्टिकलशिप. नाव इथे, मुलगा पुण्याला क्लासमध्ये. असं विचारायला माझ्याकडे पालक येतात, अगदी सरळ, "मॅडम, सही तेवढी द्या." मी नाही म्हणते आणि कारणही सांगते. हा नियमभंग आहे, उघड झाला तर तो काळ रद्द होतो आणि सीएवर कारवाई होते. पण समजा उघड झालाच नाही. मग तो मुलगा सीए होणार आणि आयुष्यात एकही थप्पी न मोजता "प्रत्यक्ष मोजला" या वाक्याखाली सही करणार. त्याच्या सहीवर विसंबून कुणीतरी आपली ठेव एखाद्या संस्थेत ठेवणार. आमच्या जिल्ह्यात बुडालेल्या ठेवी म्हणजे काय, हे ज्या घरांनी भोगलंय त्यांना मला काही सांगायची गरज नाही.

मुलींच्या पालकांसाठी एक शब्द. बाहेरगावच्या ऑडिटला पाठवू का, असं विचारतात. पाठवा. आर. शिवभोगम या भारतातल्या पहिल्या महिला अकाउंटंट; १९३३ साली त्या पात्र झाल्या, तेव्हाच्या मद्रासमध्ये. त्यानंतर इतकी वर्षं गेली. कुठे राहणार, सोबत कोण, परत कधी, हे मात्र सरांना आधी स्पष्ट विचारा. चांगल्या ऑफिसात याची नीट व्यवस्था असते.

फायनल

फायनलला बसण्याआधी एसपीओएमचे चार संच पूर्ण व्हावे लागतात. ही स्वतःच्या वेगाने करायची ऑनलाइन मॉड्यूल्स आहेत. संच अ कॉर्पोरेट आणि आर्थिक कायदे, संच ब स्ट्रॅटेजिक कॉस्टिंग, हे दोन सक्तीचे. क आणि ड मध्ये आपल्या आवडीचा एकेक विषय निवडायचा. प्रत्येकात ५० टक्के लागतात. हे मार्क फायनलमध्ये धरत नाहीत म्हणून मुलं शेवटपर्यंत टाळतात आणि मग अभ्यासाच्या सहा महिन्यांतला एक त्यातच जातो. आर्टिकलशिपच्या पहिल्या वर्षातच दोन संच उरका. अॅडव्हान्स्ड आयसीआयटीएसएसही आधीच करून ठेवायचं.

फायनलचे सहा पेपर : फायनान्शिअल रिपोर्टिंग, अॅडव्हान्स्ड फायनान्शिअल मॅनेजमेंट, ऑडिट, आणि दुसऱ्या ग्रुपमध्ये प्रत्यक्ष कर, अप्रत्यक्ष कर आणि इंटिग्रेटेड बिझनेस सोल्युशन्स. हा शेवटचा पेपर पुस्तक उघडून द्यायचा असतो. एकाच केसमध्ये कर, कायदा, हिशेब, ऑडिट सगळं मिसळलेलं. पुस्तक समोर आहे म्हणून सोपा वाटतो, पण काय शोधायचं हे माहीत नसेल तर पुस्तक उपयोगाचं नाही. ज्यांनी आर्टिकलशिप मनापासून केली त्यांना तो ओळखीचा वाटतो, कारण अशील येतो तेव्हा त्याची अडचण अशीच मिसळलेली असते. तो काही "हा जीएसटीचा प्रश्न आहे" असं सांगत नाही. परीक्षा आता वर्षातून तीनदा होतात, २०२५ पासून फायनलसुद्धा. एक हुकली तर चार महिन्यांनी दुसरी. आम्ही सहा महिने वाट पाहायचो.

नोंदणीची फी मी हे लिहिते आहे तेव्हा इंटरच्या दोन्ही ग्रुपना १८,००० रुपये आणि फायनलला २२,००० रुपये आहे. प्रत्येक परीक्षेची फी वेगळी. क्लासच्या खर्चापुढे हे आकडे फार नाहीत.

सभासदत्व, सीओपी आणि पहिली सही

फायनलचा निकाल लागला की फॉर्म २ भरून सभासदत्व. वय २१ पूर्ण हवं, आणि नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात शिक्षा झालेली नसावी. हे कलम ८ मध्ये आहे. सहा आकडी सभासद क्रमांक मिळतो, तो आयुष्यभर आपल्या सहीखाली राहतो. प्रॅक्टिस करायची तर फॉर्म ६ ने सीओपी. फर्मच्या नावाने काम करणार असाल तर फॉर्म १८ भरून फर्मचा नोंदणी क्रमांक घ्यायचा. पूर्णवेळ नोकरी आणि पूर्ण सीओपी एकत्र चालत नाही. सभासदत्वाची आणि सीओपीची फी दर वर्षी १ एप्रिलला देय होते, मुदत ३० सप्टेंबरपर्यंत असते. ती विसरून नाव यादीतून गेलं आणि त्या काळात सही केली, तर ती सही परवान्याशिवायची ठरते. मोबाईलमध्ये आठवण लावून ठेवा. सलग पाच वर्षं प्रॅक्टिस झाली की फेलो सभासदत्वासाठी अर्ज करता येतो.

२०१९ पासून प्रत्येक सर्टिफिकेट आणि ऑडिट रिपोर्टवर यूडिन लागतो. पोर्टलवर जाऊन त्या कागदासाठी तयार करायचा १८ अक्षरअंकी क्रमांक, ज्यामुळे बँक किंवा कुणीही ती सही खरी आहे का ते तपासू शकतं. सीओपी मिळाल्याच्या दिवशीच त्या पोर्टलवर नोंदणी करा. पुढे तीन वर्षांत १२० तासांचं सीपीई, म्हणजे सीए झाल्यावरही चालू ठेवायचं शिक्षण, पूर्ण करावं लागतं. शाखेची व्याख्यानं त्यात धरली जातात. तिथे जा, नव्या माणसाला अडचणीच्या वेळी फोन करता येईल अशी माणसं तिथेच भेटतात.

काम मागायला मात्र दारोदार जाता येत नाही. कायद्याच्या पहिल्या परिशिष्टात अशिलांची मागणी करणं हे व्यावसायिक गैरवर्तन म्हटलं आहे. मग पहिलं काम येतं कुठून? माझ्या बाबतीत ओळखीतून आलं. २०१६ चा मे महिना, खोलीत एक टेबल आणि दोन खुर्च्या. वडिलांचे मित्र आले, मुलाच्या परदेशी शिक्षणासाठी नेटवर्थ सर्टिफिकेट, म्हणजे एकूण मालमत्तेचा दाखला, हवं होतं. आकडे त्यांनी एका चिठ्ठीवर लिहून आणले होते. घर इतकं, शेत इतकं, दागिने इतके. मी सातबारा, घराचा उतारा, दागिन्यांचं मूल्यांकन आणि बँकेची विवरणं मागितली. काका एकदम गप्प झाले. "अगं, तुला मी लहानपणापासून बघतोय," म्हणाले. मी म्हणाले, "काका, मी पण तुम्हाला बघतेय, पण शेत नाही बघितलंय." ते रागाने उठून गेले. त्या रात्री घरी जेवताना बाबा माझ्याशी बोलले नाहीत.

पाचव्या दिवशी काका सगळे कागद घेऊन आले. शेत चिठ्ठीपेक्षा अकरा गुंठे कमी भरलं, भावाच्या नावावर गेलेला तुकडा त्यांनी आपलाच धरला होता. आकडा कमी झाला तरी मुलाचं काम झालं. मी सर्टिफिकेट टाइप केलं, शेवटी कोणकोणते कागद तपासले त्यांची यादी लिहिली, खाली सभासद क्रमांक घातला आणि सही केली.